पाच एकोणतीस साठ

१ जुलै २०१२, रविवार. पहाटे साडेपाच वाजून गेले असतील आणि माझा फोन वाजला. ऑन-कॉल असलेल्या माणसाचा फोन रविवारी पहाटे वाजतो तेव्हा कुणीतरी गेलेलं असतं, नाहीतर सर्व्हर गेलेला असतो. सुदैवाने सर्व्हरच होते. तसे गेलेही नव्हते म्हणा. उलट सगळे एकदम जिवाच्या आकांताने पळत होते. काम शून्य आणि सीपीयू शंभर टक्के. (ऑफिसात अशी माणसंही असतात, पण तो विषय पुन्हा कधीतरी.)

रात्री काही नवीन कोड टाकला होता का? नाही. ट्रॅफिक वाढला होता का? रविवारी पहाटे कशाला वाढेल? पाऊण तास डोकं खाजवल्यावर कुठेतरी एक उपाय वाचला. मशीनची वेळ मशीनलाच परत सांगायची. म्हणजे त्याला विचारायचं "बाबा रे, किती वाजले?" आणि जे उत्तर येईल तेच त्याला सेट करून द्यायचं. आमच्या गावाकडे नजर काढतात ती यापेक्षा जास्त शास्त्रीय वाटते. पण केलं, आणि एकेक सर्व्हर गप्प झाला.

कारण मागाहून कळलं. त्या पहाटे भारतात ५:२९:५९ नंतर ५:३०:०० वाजलेच नाहीत. मधे एक जादा सेकंद आला, ५:२९:६०. लिनक्सच्या कर्नेलमधल्या टायमरच्या कोडला तो पचला नाही. "मला जरा वेळाने उठव" असं सांगून झोपलेल्या प्रोग्रॅम्सना तो लगेच उठवायला लागला, पुन्हा पुन्हा, थांबता थांबेना. रेडिटसारख्या मोठमोठ्या साइट्सही त्या दिवशी आडव्या झाल्या होत्या, एवढंच काय ते समाधान.

चहा पिताना मात्र एक प्रश्न डोक्यात राहिला. हा सेकंद घातला कुणी? माझ्या मशीनवरची वेळ बदलण्याचा अधिकार जगात नेमका कुणाला आहे?

आयझॅक असिमॉव्हची 'द एंड ऑफ इटर्निटी' नावाची कादंबरी आहे, १९५५ सालची. तिच्यात काळाच्या बाहेर बसलेली एक संस्था असते. इतिहासात इथे तिथे बारीक बदल करत ती माणसाचा काळ 'सुरळीत' ठेवत असते. कॉलेजात वाचली तेव्हा भारी वाटली होती. पण २०१२ च्या त्या रविवारनंतर शोधत गेलो तेव्हा लक्षात आलं, की काळ सुरळीत ठेवणारी संस्था खरोखरच आहे. तिचा इतिहास शंभर वर्षांहून मोठा आहे, तिचं मूळ पॅरिसमध्ये आहे, आणि तिथली माणसं कसलीही साहसं करत नाहीत. ती सरासरी काढतात.

*

सुरुवात घराजवळून करू. रेल्वे आणि तारा येण्याआधी प्रत्येक गावाची वेळ वेगळी होती आणि त्याचं कुणालाच काही वाटत नव्हतं. सूर्य डोक्यावर आला की बारा. मुंबईची वेळ ग्रीनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे, मद्रासची ५ तास २१ मिनिटं, कलकत्त्याची ५ तास ५३ मिनिटं. घटका-पळांवर मुहूर्त साधणाऱ्या माणसाला पुण्याची वेळ मुंबईपेक्षा चार मिनिटं पुढे आहे याने काय फरक पडणार?

फरक पडला तो टाइमटेबलला. दोन गावांच्या दोन वेळा असतील तर एकाच रुळावर समोरासमोर येणाऱ्या गाड्यांचं वेळापत्रक लावणार कसं? ऑक्टोबर १८८४ मध्ये वॉशिंग्टनला पंचवीस देशांची परिषद भरली आणि ग्रीनिच हे शून्य रेखावृत्त ठरलं. भारतात १ जानेवारी १९०६ पासून साडेपाच तासांची 'स्टँडर्ड' वेळ आली आणि मुंबईचं घड्याळ एका रात्रीत ३९ मिनिटं पुढे सरकलं. गिरणी कामगारांनी काम बंद पाडलं, दगडफेक झाली, नागरिकांनी सभा घेतल्या. वर्ष लक्षात घ्या: बंगालच्या फाळणीवरून देश आधीच तापलेला होता. सरकारने प्रांत तोडले, आता सूर्यालाही हात घातला, असं लोकांना वाटलं तर नवल नाही. 'बाँबे टाइम' त्यानंतर अनेक वर्षं शहरात टिकून राहिली, अगदी स्वातंत्र्यानंतरही काही काळ.

आपणच तेवढे हट्टी होतो असं मात्र समजू नका. वॉशिंग्टनच्या परिषदेत फ्रान्सने ग्रीनिचच्या बाजूने मत दिलं नव्हतं. पुढे १९११ साली नाइलाजाने कायदा केला, पण तो कसा? फ्रान्सची वेळ म्हणजे 'पॅरिसची वेळ वजा ९ मिनिटं २१ सेकंद'. हिशोब करून बघा, ही झाली ग्रीनिचचीच वेळ. अख्ख्या कायद्यात ग्रीनिच हा शब्द मात्र नाही! रिक्वायरमेंट पूर्ण करायची पण क्लायंटचं ऐकलं असं दिसू द्यायचं नाही, ही कला सॉफ्टवेअरवाल्यांनी शोधलेली नाही.

*

आता खरी गोष्ट. १९१० साली आयफेल टॉवरवरून रेडिओने वेळेचे सिग्नल पाठवायला सुरुवात झाली. बोटीवरच्या कप्तानाला भर समुद्रात नेमकी वेळ मिळू लागली. वेळ कळली की रेखांश कळतो, रेखांश कळला की जहाज खडकावर जात नाही. विषुववृत्तावर एका सेकंदाची चूक म्हणजे साडेचारशे मीटरहून जास्त चूक. त्यामुळे ही चैन नव्हती, जिवाचा प्रश्न होता.

आणि मग एक पंचाईत झाली. वेगवेगळ्या देशांची केंद्रं वेळ सांगू लागली आणि त्यांची एकमेकांशी जुळेना. प्रत्येकाची वेधशाळा उत्तम, प्रत्येकाचे ज्योतिर्विद तालेवार, आणि तरी उत्तरं वेगळी. आपल्याकडे एकच घड्याळ असेल तर किती वाजले ते आपल्याला पक्कं माहीत असतं. दोन असली की घोळ. हा घोळ निस्तरायला १९१२ मध्ये पॅरिसला परिषद भरली आणि तिच्यातून एक संस्था जन्मली. तिचं मराठीत नाव करायचं तर 'आंतरराष्ट्रीय वेळ कार्यालय'. पहिल्या महायुद्धात सगळं अडखळलं आणि युद्धानंतर गियोम बिगुर्दां या खगोलशास्त्रज्ञाच्या हाताखाली पॅरिस वेधशाळेत हे कार्यालय रीतसर सुरू झालं.

या वेधशाळेचं तळघर बघण्यासारखं आहे म्हणतात. जमिनीखाली पंचवीस मीटरपेक्षाही खोल. तिथे उन्हाळा-हिवाळा कळत नाही, तापमान वर्षभर बारा अंशांच्या आसपास स्थिर. लंबकाची घड्याळं तिथे ठेवायचे, कारण उष्णतेने लंबक लांबतो आणि घड्याळ मागे पडतं. वर दुर्बिणीतून तारे कधी माथ्यावरून जातात ते बघायचं आणि खालची घड्याळं त्याच्याशी ताडून बघायची. घड्याळ म्हणजे दोन निरीक्षणांच्या मधली जागा भरणारं यंत्र. खरी वेळ आकाशात.

कार्यालयाचं काम ऐकायला फार रटाळ आहे. निरनिराळ्या देशांच्या वेधशाळा कळवणार, की अमुक केंद्राचा सिग्नल आमच्या वेळेपेक्षा इतका पुढे किंवा मागे होता. हे सगळे आकडे गोळा करायचे, तोलायचे, सरासरी काढायची आणि छापायची. छापून येईपर्यंत महिने उलटायचे. म्हणजे मार्चमध्ये नेमके किती वाजले होते ते उन्हाळा संपल्यावर कळणार! आमच्या धंद्यात याला 'इव्हेंच्युअल कन्सिस्टन्सी' म्हणतात आणि ती आपण शोधली असं आम्हाला वाटतं.

लोकांना मात्र वेळ आत्ताच हवी होती. १४ फेब्रुवारी १९३३ ला याच वेधशाळेने बोलणारं घड्याळ सुरू केलं. फोन लावा, वेळ ऐका. लोक सारखे फोन करून किती वाजले ते विचारायचे आणि वेधशाळेची लाइन अडून राहायची, म्हणून एर्नेस्त एस्क्लांगाँ या संचालकाने हा उद्योग केला. पहिल्याच दिवशी एक लाख चाळीस हजार फोन आले आणि त्यातल्या वीस हजारांनाच उत्तर मिळू शकलं. सर्व्हर ओव्हरलोड, १९३३. हे घड्याळ २०२२ पर्यंत बोलत होतं.

*

इथपर्यंत सगळ्यांचा एका गोष्टीवर पूर्ण विश्वास होता. माणसांची घड्याळं चुकतात, पृथ्वी चुकत नाही. १९३० च्या दशकात हा विश्वास गेला.

बर्लिनमध्ये आडोल्फ शाइबे आणि उडो आडेल्सबर्गर यांनी क्वार्ट्झची घड्याळं बनवली होती. ती सगळी एकमेकांशी जुळायची, पण आकाशाशी जुळेनात. पॅरिसच्या कार्यालयातल्या निकोलस स्टॉयको यांनाही वेगवेगळ्या घड्याळांचे आकडे ताडताना हेच दिसलं. वर्षाच्या काही काळात पृथ्वी जरा हळू फिरते, काही काळात जरा भरभर. फरक मिलिसेकंदांचा, पण दर वर्षी तसाच. (मुख्य कारण वारे. वातावरणाचा वेग वाढला की जमिनीचा तेवढा कमी होतो.) भरती-ओहोटीच्या घर्षणाने पृथ्वी शतकानुशतकं मंदावते आहे हा संशय आधीपासून होताच.

म्हणजे बघा, ज्या घड्याळावरून सगळी घड्याळं लावायची तेच अडखळतंय, आणि हे कळलं ते त्याच्यावरूनच लावलेल्या घड्याळांमुळे. चेल्यांनी गुरुजींची चूक काढली.

१९५५ मध्ये लंडनजवळ टेडिंग्टनला लुई एसेन आणि जॅक पॅरी यांनी सीझियमचं अणुघड्याळ चालू केलं. (असिमॉव्हची कादंबरी आली तेच वर्ष!) मग प्रश्न आला, अणूच्या किती आंदोलनांना एक सेकंद म्हणायचं? एसेन आणि अमेरिकन नौदल वेधशाळेचे विल्यम मार्कोविट्झ यांनी चंद्राच्या निरीक्षणांशी सांगड घालून १९५८ मध्ये आकडा काढला: ९,१९,२६,३१,७७०. १९६७ मध्ये हीच सेकंदाची अधिकृत व्याख्या झाली. त्या दिवसापासून सेकंद हा दिवसाचा भाग उरला नाही.

यात एक गंमत आहे. मार्कोविट्झ ज्या खगोलीय सेकंदाशी जुळवत होते तो एकोणिसाव्या शतकातल्या तक्त्यांमधून आला होता, आणि ते तक्ते १७५० ते १८९२ पर्यंतच्या निरीक्षणांवर बेतलेले होते. म्हणजे सरासरीने तो सेकंद साधारण १८२० सालच्या दिवसाचा. पेशवाई बुडाली १८१८ ला. तुमच्या फोनमधला सेकंद हा थेट त्या सुमाराचा आहे! पृथ्वी मधल्या काळात मंदावली, सेकंद मात्र तिथेच गोठला. त्यामुळे १९७० च्या आसपास पृथ्वीचा दिवस अणुघड्याळाच्या दिवसापेक्षा दोन-तीन मिलिसेकंदांनी मोठा भरत होता. रोज दोन-तीन मिलिसेकंद म्हणजे वर्षाला साधारण एक सेकंद.

आता कुणाचं ऐकायचं? भौतिकशास्त्रवाले म्हणणार अणूचं. दर्यावर्दी आणि ज्योतिर्विद म्हणणार आकाशाचं. तडजोड झाली ती १ जानेवारी १९७२ पासून. सेकंद अणूचा, पण घड्याळ आकाशापासून ०.९ सेकंदाच्या पलीकडे जाऊ द्यायचं नाही. फरक वाढला की एक जादा सेकंद घालायचा. हाच तो लीप सेकंद. १९७२ पासून २०१६ च्या अखेरीपर्यंत असे २७ घातले गेले. तो नेहमी ग्रीनिचच्या मध्यरात्री घालतात, म्हणून आपल्याकडे पहाटे साडेपाचला, ऑन-कॉलवाल्याच्या साखरझोपेत.

*

जुनं वेळ कार्यालय १९८७ च्या अखेरीस बंद झालं आणि त्याच्या दोन वाटण्या झाल्या. पृथ्वीच्या फिरण्यावर लक्ष ठेवणं एका संस्थेकडे गेलं. ती पॅरिस वेधशाळेतून वर्षातून दोनदा पत्रक काढते की या खेपेला लीप सेकंद आहे किंवा नाही. अणुघड्याळांची सरासरी पॅरिसजवळच्या सेव्ह्र गावातल्या वजनमापांच्या आंतरराष्ट्रीय कार्यालयाकडे गेली. जगभरातल्या ऐंशीएक प्रयोगशाळांतली चारशेहून जास्त अणुघड्याळं आपापले आकडे तिकडे पाठवतात. आपल्या नवी दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेचीही त्यात आहेत.

सरासरीची रीत मला फार आवडते. प्रत्येक घड्याळाला त्याच्या वकुबाप्रमाणे वजन. पण एकाच घड्याळाला अमुकपेक्षा जास्त वजन द्यायचं नाही, मग ते कितीही चांगलं असो. आणि २०१४ पासून वजन कशावर ठरतं? घड्याळ किती बरोबर आहे यावर नाही, तर ते कसं वागेल याचा अंदाज किती बांधता येतो यावर. रोज ठरावीक चुकणारं घड्याळ चालतं, लहरी नको. (टीम लीड मंडळींनी नोंद घ्यावी.) निकाल लागतो पुढच्या महिन्यात, एका पत्रकात, पाच-पाच दिवसांच्या अंतराने: तुमचं घड्याळ इतके नॅनोसेकंद पुढे होतं, तुमचं इतके मागे. जगाची अधिकृत वेळ दाखवणारं घड्याळ कुठल्याही भिंतीवर नाही. ती कागदावर असते, आणि तीही मागच्या महिन्याची.

*

आता आम्ही सॉफ्टवेअरवाले. युनिक्समध्ये वेळ म्हणजे १ जानेवारी १९७० पासूनच्या सेकंदांची मोजणी, आणि तिच्यात प्रत्येक दिवस बरोब्बर ८६,४०० सेकंदांचा धरला जातो. ८६,४०१ व्या सेकंदाला तिथे जागाच नाही. तो आला की बहुतेक मशीन्स आधीचाच सेकंद पुन्हा मोजतात, म्हणजे क्षणभर वेळ मागे जाते. २०१७ च्या १ जानेवारीला क्लाउडफ्लेअरची सेवा नेमकी याच्यावर अडखळली. दोन वेळांची वजाबाकी ऋण येऊ शकते हे कोडने गृहीतच धरलं नव्हतं. त्यांनी चूक प्रांजळपणे लिहून जाहीर केली. मी ती वाचली तेव्हा हसलो नाही, कारण तशी वजाबाकी मीही डोळे मिटून केलेली आहे, बऱ्याच ठिकाणी.

गूगलने वेगळीच वाट काढली. सेकंद एकदम घालायचाच नाही, काही तासांवर लोण्यासारखा पसरायचा. प्रत्येक सेकंद किंचित लांब करायचा, कुणाला कळणारही नाही. २००८ पासून ते हे करत आले. इतरांनीही उचललं, पण कुणी चोवीस तास पसरायचं तर कुणी त्याहून कमी. म्हणजे लीप सेकंदाच्या दिवशी दोन मोठ्या कंपन्यांची घड्याळं एकमेकांशी जुळणार नाहीत. ओळखीचं वाटतंय ना? १९१२ साली रेडिओ केंद्रांचं हेच झालं होतं.

शेवटी २०२२ च्या जुलैमध्ये मेटाने जाहीरपणे म्हटलं की लीप सेकंद बंद करा. वाद आधीपासून वीसएक वर्षं चालू होता. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये व्हर्सायला वजनमापांची सर्वसाधारण परिषद भरली आणि ठरलं, की २०३५ पर्यंत ही ०.९ सेकंदाची मर्यादा सैल करायची. डिसेंबर २०२३ मध्ये दुबईच्या रेडिओ परिषदेनेही मान डोलावली, फक्त गरज पडली तर २०४० पर्यंत सवलत ठेवली.

फरक किती पडेल? शंभर वर्षांत साधारण एखादं मिनिट. मुंबईत सूर्य माथ्यावर येतो तेव्हा घड्याळात सरासरी १२ वाजून ३९ मिनिटं झालेली असतात आणि १९०६ नंतरच्या पिढ्यांना त्याचा पत्ताही नाही. मिनिटाने काय बिघडणार? व्यवहार म्हणून निर्णय योग्यच आहे. मला पहाटेचा फोन येणार नाही.

तरी एक गोष्ट टोचते. एकोणिसाव्या शतकात आपल्याकडे पंचांगांचा मोठा वाद झाला होता. जुन्या ग्रंथांच्या गणिताने येणारी ग्रहणं, ग्रहांच्या जागा प्रत्यक्ष आकाशाशी जुळेनात. केरोपंत छत्र्यांनी आबासाहेब पटवर्धनांच्या साहाय्याने १८६५ मध्ये नवं पंचांग काढलं, ते याच आग्रहाने की गणित आकाशाशी जुळलंच पाहिजे. दृक्प्रत्यय हा त्यांचा शब्द. डोळ्यांना जे दिसतं ते प्रमाण. त्यांचे विद्यार्थी लोकमान्य टिळक पुढे याच बाजूने उभे राहिले. लोकांनी शिव्या घातल्या, जुनी पंचांगं सोडली नाहीत, पण मुद्दा सोपा होता: तक्ता आणि आकाश यांच्यात भांडण झालं तर तक्ता बदलायचा.

२०२२ मध्ये आपण उलट ठरवलं. आणि कशासाठी? अणूचं काही अडलं नव्हतं, ज्योतिर्विदांचंही नाही. एकसष्टावा सेकंद आम्हाला नीट लिहिता आला नाही म्हणून. पन्नास वर्षं मिळाली होती, २७ वेळा सरावही झाला होता. बग काढता आला नाही तर रिक्वायरमेंटच काढून टाका, हे प्रत्येक प्रोजेक्टमध्ये चालतं. या वेळी ते पृथ्वीच्या बाबतीत चाललं.

पृथ्वीनेही मधल्या काळात चेष्टा आरंभली आहे. २०२० नंतर ती अंमळ भरभर फिरू लागली. ५ जुलै २०२४ चा दिवस २४ तासांपेक्षा जवळजवळ १.६६ मिलिसेकंदांनी लहान भरला. २०१६ नंतर २०२५ संपेपर्यंत एकही लीप सेकंद घालावा लागला नाही. उलट एखादा सेकंद काढावा लागेल की काय अशी भीती आहे. म्हणजे ५:२९:५८ नंतर थेट ५:३०:००. हे आजवर कधीच झालेलं नाही आणि कुणाचाही कोड त्यावर खरोखर तपासला गेलेला नाही. डंकन ॲग्न्यू यांनी २०२४ मध्ये मांडलेला हिशोब सांगतो की हा प्रसंग २०२९ च्या सुमाराला येऊ शकतो, आणि ध्रुवांवरचा बर्फ वितळून पृथ्वी थोडी मंदावली नसती तर तो आणखी आधी आला असता. हवामानबदलाने आमची तीन वर्षं वाचवली म्हणायची.

असो. १ जानेवारी २०१७ च्या पहाटे मी ऑन-कॉल नव्हतो, तरी उठलो होतो. रात्रीचं जागरण होतंच. बाहेर थर्टी-फर्स्टचं शेवटचं टोळकं अजून गात होतं. टर्मिनलवर दर अर्ध्या सेकंदाला वेळ छापणारा एक दोन ओळींचा स्क्रिप्ट लावून बसलो. २०१२ मध्ये झोपेत गेलेला तो सेकंद या वेळी डोळ्यांनी बघायचा होता.

५:२९:५८ आले. ५:२९:५९ आले. मग पुन्हा ५:२९:५९ आले. मग ५:३०:००.

बहुधा तो शेवटचाच होता. साठ काही दिसला नाही. माझ्या मशीनला तो आकडा माहीतच नव्हता.